केशवराव दाते : नटाचा दुसरा धडा

विद्यार्थिमित्रहो, स्नेहसंमेलनाच्या नाटकाची तालीम घेतांना आम्ही शिक्षक तुम्हांस वारंवार बजावितों, "शेवटच्या बांकापर्यंत ऐकूं गेलें पाहिजे!" ही सूचना योग्यच आहे. परंतु ती अंगीं पुरती मुरल्यावर एका थोर नटास तिच्या उलट धडा गिरवावा लागला. त्याची ही हकीकत आहे.

केशवराव दाते यांचा जन्म १८८९ सालीं रत्नागिरी जिल्ह्यांत झाला. १९०७ सालीं ते महाराष्ट्र नाटक मंडळींत आले. त्या काळीं स्त्रियांचीं कामें पुरुषच करीत; केशवरावांनींही लुगडें नेसून अनेक स्त्रीभूमिका केल्या. ध्वनिक्षेपक नव्हता, म्हणून प्रत्येक शब्द नटानें स्वतःच्या छातीच्या बळावर दूरवर पोंचवावयाचा असे.

१९३३ सालीं 'नाट्यमन्वंतर' संस्थेनें 'आंधळ्यांची शाळा' हें नाटक केलें. त्याचें दिग्दर्शन केशवरावांकडे होतें. त्यांत स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनींच केल्या आणि पात्रें घरांत बोलावें तशीं बोलूं लागलीं. पुढील वर्षीं प्रभात कंपनीच्या मराठी 'अमृतमंथन' बोलपटांत केशवराव राजगुरु झाले. येथें प्रेक्षकांच्या जागीं कॅमेरा होता. पापणीची हालचालहि त्याच्या नजरेंतून सुटत नसे.

१९३७ च्या 'कुंकू' बोलपटांत त्यांनीं या नव्या विद्येची कसोटी दिली. एक वयस्क विधुर वकील कोंवळ्या नीरेशीं लग्न करतो. ती त्याला पति मानण्याचें साफ नाकारते. शांता आपटे यांची नीरा संतापते, आणि प्रेक्षक तिचीच बाजू घेतो. अशा वेळीं म्हाताऱ्यास निव्वळ दुष्ट रंगविणें सोपें होतें. केशवरावांनीं त्याचा हट्ट दाखविला, तशीच त्याच्या मनाची टोंचणीहि दाखविली. हा मनुष्य आपल्याच शेजारचा, कदाचित् आपल्याच घरांतला आहे, असें वाटूं लागतें. शेवटीं तो नीरेस मोकळी करून आत्मघात करतो. आत्मघात हें कोणत्याहि चुकीचें परिमार्जन नव्हे. पण आपली चूक आपण पाहणें किती अवघड असतें, हें त्या मुद्रेवर स्पष्ट वाचतां येतें.

पालकांनींहि एक गोष्ट ध्यानांत घ्यावी. त्या वेळीं केशवरावांचें वय अठ्ठेचाळीसच्या सुमारास होतें. तीस वर्षांची कीर्ति पाठीशीं असतां ते पुन्हा विद्यार्थी झाले. १९७१ सालीं ते निवर्तले.

मुलांनो, मोठ्यानें बोलावयास अवश्य शिका; परंतु हळू बोलूनहि ऐकणाऱ्याच्या अंतःकरणापर्यंत कसें पोंचावें, हेंहि शिका.