निकाह आज, शादी सहा महिन्यांनी : मधल्या काळाचे हक्क आणि जबाबदाऱ्या



अलीकडे मशिदीत एक मागणी वारंवार येऊ लागली आहे. "इमामसाहेब, अस्रच्या नमाजनंतर पाच-दहा माणसांत निकाह उरकून घ्यायचा आहे. शादी मे महिन्यात आहे." कारणे बहुतेक वेळा रास्त असतात. मुलगा आखातात नोकरीला असतो. पत्नीला सोबत न्यायचे तर विवाहनोंदणीचा दाखला हवा, त्यावर परराष्ट्र मंत्रालयाचे आणि त्या देशाच्या वकिलातीचे साक्षांकन हवे, आणि या सगळ्याला महिने लागतात. कुठे सभागृहाची तारीख मिळत नाही, तर कुठे आजोबा अंथरुणाला खिळलेले असतात आणि नातीचा निकाह डोळ्यांदेखत व्हावा अशी त्यांची इच्छा असते. रत्नागिरी-रायगडच्या किनाऱ्यावरील गावांत तर ही आता जवळजवळ रीतच झाली आहे.

असे करणे जायज आहे का, हा पहिला प्रश्न. जायज आहे. निकाह आणि रुखसती यांत अंतर असणे ही काही आपल्या काळाची नवी टूम नव्हे. उम्मुल मोमिनीन हजरत आयेशा (रजि.) यांचा निकाह मक्केत झाला आणि रुखसती हिजरतीनंतर मदिनेत झाली. उम्मुल मोमिनीन हजरत उम्मे हबीबा (रजि.) यांचे उदाहरण तर परदेशी नोकरी करणाऱ्या आपल्या कुटुंबांना विशेष जवळचे वाटावे. त्या हबशा देशात होत्या, प्रेषित (स.) मदिनेत होते. नजाशी बादशहाने निकाह लावून दिला. खालिद बिन सईद (रजि.) त्यांच्या बाजूने वकील झाले. महर नजाशीने स्वतःकडून अदा केला. काही रिवायतींत तो चार हजार दिरहम सांगितला आहे, तर काहींत चारशे दीनार. त्यानंतर समुद्र ओलांडून त्या मदिनेस पोहोचल्या. वर एका देशात, वधू दुसऱ्या देशात, वकिलामार्फत निकाह आणि नंतर प्रवास, हे सारे त्या एका घटनेत आहे.

निकाह लहान असण्यातही काही उणेपणा नाही. हजरत अब्दुर्रहमान बिन औफ (रजि.) हे मदिनेतील प्रतिष्ठित सहाबी. त्यांचा निकाह झाला, आणि कपड्यांवरील पिवळ्या सुगंधाचा डाग पाहून प्रेषितांनी (स.) विचारल्यावर ती बातमी त्यांना कळली. आपल्याला बोलावले नाही म्हणून प्रेषितांनी (स.) राग धरला नाही. त्यांनी बरकतीची दुआ दिली आणि एका बकरीचा का होईना, पण वलीमा कर असे सांगितले. ज्या गावात पत्रिका पोहोचली नाही म्हणून भावकी दहा वर्षे बोलत नाही, त्या गावाने ही हदीस पुन्हा एकदा वाचावी.

मग अडचण कुठे आहे? अडचण 'उरकणे' या शब्दात आहे. मराठीत आपण 'लग्न लागणे' वेगळे आणि 'लग्नसोहळा' वेगळा मानतो. लग्न एका क्षणी लागते, सोहळा चार दिवस चालतो. परंतु निकाह आणि शादी यांत महिन्यांचे अंतर पडले की हा भेद उलटा होऊन बसतो. सोहळा हेच खरे लग्न वाटू लागते, आणि मशिदीतला निकाह हा व्हिसाचा एक कागद ठरतो. "तो फक्त कागदापुरता होता हो," हे वाक्य सुशिक्षित घरांतूनही ऐकू येते. शरीअतीत कागदापुरता निकाह नावाची वस्तू नाही. प्रेषितांनी (स.) ज्या तीन गोष्टी थट्टेत केल्या तरी खऱ्याच धरल्या जातात असे सांगितले, त्यांत निकाह पहिला आहे. दोन साक्षीदारांसमोर इजाब-कबूल झाले की त्या क्षणापासून ती दोघे पती-पत्नी आहेत. बुफे झाला काय अन् न झाला काय.

याचा अर्थ किती खोल जातो, हे एका जुन्या प्रसंगावरून समजून घ्या. हजरत अब्दुल्लाह बिन मसऊद (रजि.) यांच्यासमोर एक प्रश्न आला. एका पुरुषाने निकाह केला, महर ठरवला नव्हता, रुखसती झाली नव्हती, आणि तो मरण पावला. त्या स्त्रीचे काय? त्यांनी घाईने उत्तर दिले नाही. पुष्कळ विचारांती त्यांनी निर्णय दिला की तिच्या घराण्यातील स्त्रियांना जो महर मिळतो तो तिला पूर्ण मिळेल, तिला इद्दत पाळावी लागेल आणि तिला वारसाही मिळेल. चुकलो असेन तर चूक माझी, असेही त्यांनी म्हटले. तेव्हा माकिल बिन सिनान (रजि.) उभे राहिले आणि त्यांनी साक्ष दिली की बरवा बिंत वाशिक या आमच्याकडील स्त्रीच्या बाबतीत प्रेषितांनी (स.) हाच निर्णय दिला होता. आपला निर्णय प्रेषितांच्या (स.) निर्णयाशी जुळला, हे ऐकून इब्ने मसऊद (रजि.) यांना झालेला आनंद रिवायतींत नोंदलेला आहे.

आता हे आपल्या घरात आणून पाहा. जानेवारीत मशिदीत निकाह झाला, शादी मे महिन्यात ठरली, आणि मार्चमध्ये मुलगा परदेशात अपघातात गेला. मुलीचे घर म्हणते, आमच्या मुलीची तर शादीच झाली नव्हती. मुलाचे घर म्हणते, ती अजून आमच्या दारात आली कुठे? दोघेही चुकतात. ती त्याची विधवा आहे. तिच्यावर चार महिने दहा दिवसांची इद्दत आहे. ठरलेला महर पूर्ण देणे आहे, आणि ते कर्ज असल्यामुळे वारसाची वाटणी होण्यापूर्वी फेडायचे आहे. मूल नसल्याने पतीच्या मालमत्तेचा चौथा हिस्सा तिचा आहे. हा हिस्सा सूरह निसामध्ये ठरवून दिलेला आहे. सासरच्या मेहरबानीवर तो अवलंबून नाही. दुःखाच्या त्या दिवसांत इद्दत व हिस्सा यांबद्दल कोणी तोंड उघडत नाही, आणि त्या गप्प बसण्यात एका मुलीचा हक्क बुडतो.

दुसरा प्रसंग अधिक वारंवार घडतो. मधल्या महिन्यांत दोन्ही घरांत बिनसते आणि मंगनी मोडावी तसे "मोडले" म्हणून निरोप जातो. मंगनी निरोपाने मोडते, निकाह मोडत नाही. तलाक, खुला किंवा काझी अथवा न्यायालयामार्फत फस्ख झाल्याशिवाय ती मुलगी दुसऱ्याशी निकाह करू शकत नाही. केला तर तो निकाहच होत नाही. एकत्र येण्यापूर्वीच तलाक झाला तर कुरआनने दोन गोष्टी स्पष्ट केल्या आहेत. सूरह बकरामध्ये ठरलेल्या महरचा अर्धा भाग देण्याचा आदेश आहे, आणि सूरह अहजाबमध्ये अशा स्त्रीवर इद्दत नसल्याचे सांगितले आहे. हा एकच तलाक बाइन असतो, म्हणजे पुन्हा एकत्र यायचे तर नवा निकाह आणि नवा महर लागतो. तीन तलाकचे शब्द उच्चारण्याचे काही कारणच उरत नाही. २०१९ च्या कायद्याने एकदम तीन तलाक देणे हा तीन वर्षांपर्यंत कैदेचा गुन्हा आहे, हेही मुलांना माहीत असू द्या.

येथे फिकहचा एक भेद घरातील वडीलधाऱ्यांनी लक्षात ठेवावा. निकाहनंतर मुलगा-मुलगी भेटतात, फिरायला जातात. त्यात हराम काही नाही, ती पती-पत्नी आहेत. परंतु हनफी मसलकानुसार दोघांना निर्वेध एकांत मिळाला, ज्याला खलवते सहीहा म्हणतात, तर संबंध आला नसला तरी पूर्ण महर व इद्दत लागू होते. शाफई मसलकात केवळ एकांताने हे लागू होत नाही. आपल्याकडे कोकणातील बहुतांश कुटुंबे शाफई आणि घाटावरील बहुतांश हनफी, आणि आता सोयरिकी दोन्हीकडे होतात. म्हणून वाद उभा राहिला तर दोन्ही बाजू जाणणाऱ्या आलिमाकडे जावे.

महरविषयी माझा आग्रह असा की तो निकाहच्या दिवशीच रोख द्यावा. हजरत अली (रजि.) यांनी हजरत फातेमा (रजि.) यांची रुखसती मागितली तेव्हा प्रेषितांनी (स.) आधी तिला काही द्या असे सांगितले. माझ्याजवळ काही नाही, असे उत्तर आल्यावर त्यांच्या चिलखताची आठवण करून दिली. कन्या प्रेषितांची, जावई घरचाच, तरी हक्क आधी. आपल्याकडे लहान निकाहला जुजबी आकडा लिहितात आणि मोठा आकडा शादीत जाहीर करण्यासाठी राखून ठेवतात. फुकहांनी गुप्त महर आणि जाहीर महर यांवर स्वतंत्र चर्चा केली आहे, कारण यातून तंटे त्या काळीही होत. एकच आकडा ठरवा आणि तोच निकाहनाम्यात लिहा.

कायद्याची बाजू थोडक्यात सांगतो. महाराष्ट्रात १९९८ च्या अधिनियमानुसार विवाहाची नोंद नव्वद दिवसांत करायची असते, आणि ती निकाहच्या तारखेपासून मोजायची, शादीच्या नव्हे. निकाहला दोन साक्षीदार पुरतात, नोंदणी अर्जावर तिघांच्या सह्या लागतात. कचेरीत गेल्यावर नोंद कोणत्या कायद्याखाली होते ते विचारा. १९५४ च्या विशेष विवाह कायद्याखाली विवाह वा नोंद केली तर त्या दांपत्याच्या वारसाला भारतीय उत्तराधिकार कायदा लागू होतो, शरीअतची वाटणी नव्हे. सही करताना हे कोणी सांगत नाही. उलट इंग्लंडमध्ये स्थायिक कोकणी कुटुंबांना वेगळा धोका आहे. तेथे केवळ निकाह झाला आणि सरकारी विवाहविधी राहून गेला, तर कायदा त्या स्त्रीला पत्नी मानत नाही. २०२० साली तेथील अपील न्यायालयाने हे स्पष्ट केले. तेथे दोन्ही करावे, आणि सरकारी विधी पुढे ढकलू नये. वधू अठराची आणि वर एकवीसचा नसेल, तर लहान निकाह ही कायद्यातून निसटण्याची वाट समजू नका. मी तरी असा निकाह लावत नाही.

लहान निकाह आणि लपवलेला निकाह यांतही फरक आहे. प्रेषितांनी (स.) निकाह जाहीर करण्याची ताकीद दिली आहे. दहा माणसे बोलवा, पण जुम्याच्या नमाजनंतर घोषणा होऊ द्या, भावकीला कळवा. मुलीच्या घरी जावई दिसला की शेजाऱ्यांनी कुजबुजावे, अशी वेळ तिच्यावर आणू नका.

शादीच्या दिवशी पुन्हा इजाब-कबूल करावे का, असे अनेकजण विचारतात. गरज नाही. पाहुण्यांना दिसावे म्हणून केलेल्या त्या पुनरावृत्तीने पहिला निकाह खोटा होता असा समज पसरतो आणि दोन तारखांचे दोन कागद तयार होतात. आलिमाने थोडे बयान करावे, अमुक तारखेस निकाह झाला आहे असे सांगावे, दुआ करावी. वलीमा रुखसतीनंतर देणे उत्तम. शाफई मसलकात त्याची वेळ निकाहपासूनच सुरू होते, म्हणून मशिदीतल्या त्या दहा माणसांना वलीम्याच्या नियतीने जेवू घातले तरी सुन्नत अदा होते. आणि मे महिन्याच्या पत्रिकेवर 'निकाह' हा शब्द नको. तेथे 'रुखसती व वलीमा' असे छापा आणि खाली निकाहची तारीख द्या.