४.५ एक शब्द, दोन संघ : ख्रिस्ती चर्च आणि राष्ट्रांचे ऐक्य



अर्थपरिवर्तनाची आतापर्यंतची उदाहरणे बहुतेक मराठीतली होती. आता एक दूरचे, ग्रीक भाषेतले उदाहरण घेऊ. एखाद्या शब्दाची निवड हाच राजकीय निर्णय कसा ठरतो, हे त्यात स्पष्ट दिसते.

‘कोइनोनिया’ हा तो शब्द. ‘कोइनोस’ म्हणजे सामाईक. त्यावरून कोइनोनिया म्हणजे भागीदारी, एखादी गोष्ट वाटून घेण्याचे नाते. नव्या करारात तो श्रद्धावंतांच्या परस्परसंबंधासाठी येतो. मराठी बायबलमध्ये त्यासाठी ‘सहभागिता’ हा शब्द आहे. पहिल्या महायुद्धानंतर राष्ट्रसंघ स्थापन झाला, तेव्हा ग्रीक भाषेने त्या संस्थेचे नावही ‘राष्ट्रांची कोइनोनिया’ असेच केले. उपासनेतला शब्द तहनाम्यात आला.

राष्ट्रसंघाचे काम १० जानेवारी १९२० रोजी सुरू झाले. त्याच महिन्यात कॉन्स्टँटिनोपलच्या ऑर्थोडॉक्स पीठाने सर्व ख्रिस्ती चर्चना उद्देशून एक परिपत्रक काढले. शहर तेव्हा दोस्त राष्ट्रांच्या सैन्याच्या ताब्यात होते आणि पीठाच्या प्रमुखाचे आसन रिक्त होते. परिपत्रकाचा युक्तिवाद असा : न्याय आणि सलोखा यांसाठी राज्यकर्ते एकत्र येत असताना चर्चनी मागे राहू नये, त्यांनीही आपली कोइनोनिया उभारावी. सुचवलेले उपाय अगदी व्यावहारिक आहेत : सणांसाठी सर्वांचे एकच पंचांग, सणावारी पत्रव्यवहार, धर्मशास्त्राच्या विद्यार्थ्यांची देवाणघेवाण. (ऐक्याचा आरंभ पंचांगापासून करावा लागतो, हे आपल्याला समजावून सांगण्याची गरज नाही.)

येथे थोडे थांबा. सामान्यतः आपण असे गृहीत धरतो की धर्म आदर्श देतो आणि राजकारण तो उसना घेते. येथे शब्द धर्माकडून राजकारणाकडे गेला हे खरे. परंतु चर्चनी तो परत घेतला, तेव्हा त्याच्याबरोबर राष्ट्रसंघाचा नमुनाही आला. स्वतंत्र घटकांनी आपापले अधिकार राखून करारान्वये एकत्र यावे, असा तो नमुना. ‘सहभागिता’ आणि ‘संघ’ यांतील हा ताण पुढे मिटला नाही.

दुसऱ्या महायुद्धात पुढाकार अमेरिकेतील प्रॉटेस्टंट चर्चकडे गेला. त्यांच्या फेडरल कौन्सिलने १९४० च्या अखेरीस न्याय्य आणि टिकाऊ शांततेच्या पायाचा विचार करण्यासाठी एक आयोग नेमला. जॉन फॉस्टर डलेस हे वकील त्याचे अध्यक्ष होते. पुढे ते अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री झाले. मार्च १९४३ मध्ये आयोगाने ‘शांततेचे सहा स्तंभ’ प्रसिद्ध केले. युद्धातील मित्रराष्ट्रांचे सहकार्य युद्धानंतरही चालू राहील अशी राजकीय चौकट हवी, हा पहिला स्तंभ.

चौथा स्तंभ भाषेच्या अभ्यासकाने बारकाईने वाचावा असा आहे. पारतंत्र्यातील लोकांसाठी त्यात ‘स्वायत्तता’ हे ध्येय सांगितले आहे. ‘स्वातंत्र्य’ हा शब्द नाही. शिवाय त्या ध्येयाच्या पूर्तीवर देखरेख करणारी आंतरराष्ट्रीय संघटना हवी, अशी पुस्तीही जोडली आहे. त्या महिन्यात गांधीजी पुण्याच्या आगाखान पॅलेसमध्ये बंदिवान होते, हे आठवले की या शब्दनिवडीचे वजन लक्षात येते. हेतू उदार होता. परंतु ऐक्याची चौकट आखणारे आणि तिच्यात बसवले जाणारे लोक वेगळे होते, असे माझे मत आहे.

तरीही या प्रयत्नांना फळ आले. १९४५ च्या सॅन फ्रान्सिस्को परिषदेत चर्चचे सल्लागार फ्रेडरिक नोल्डे आणि इतर संघटनांचे प्रतिनिधी यांनी आग्रह धरला, आणि संयुक्त राष्ट्रसंघाच्या सनदेत मानवी हक्क आयोगाची तरतूद झाली.

ऑगस्ट १९४८ मध्ये ॲमस्टरडॅमला जागतिक चर्च परिषद स्थापन झाली. रोमन कॅथलिक चर्च तिचे सदस्य नव्हते. त्या सभेत डलेस बोलले आणि प्रागचे धर्मशास्त्रज्ञ योसेफ ह्रोमाद्काही बोलले. एकाने साम्यवादाचा धोका मांडला, तर दुसऱ्याने पाश्चात्त्य जगाच्या नैतिक अधिकारावरच प्रश्नचिन्ह उभे केले. शीतयुद्ध चर्चच्या सभागृहात आधीच येऊन बसले होते.

आता नावे पाहा. संयुक्त राष्ट्रसंघाला ग्रीकमध्ये ‘संघटना’ या अर्थाचा शब्द मिळाला, जागतिक चर्च परिषदेला ‘सल्लागार मंडळ’ या अर्थाचा. ‘कोइनोनिया’ या दोन्ही नावांत उरली नाही. मराठीत मात्र राष्ट्रसंघ गेला तरी ‘संघ’ राहिला, आणि चर्चला मराठी ख्रिस्ती समाज ‘मंडळी’ म्हणतो. ‘घरची मंडळी’ म्हणतो तीच.

स्वाध्याय : ‘संघ’, ‘मंडळी’, ‘परिषद’ आणि ‘सहभागिता’ या शब्दांच्या अर्थच्छटा सोदाहरण स्पष्ट करा. १९२० च्या परिपत्रकातील ‘कोइनोनिया’साठी यांपैकी कोणता शब्द तुम्ही निवडाल? निवडीमुळे काय साधते आणि काय निसटते, ते साधारण १५० शब्दांत लिहा.