दुय्यम भूमिकेचे सामर्थ्य : ललिता पवार

चित्रपटाच्या श्रेयनामावलीत ज्यांची नावे नायक-नायिकेच्या खाली येतात, त्यांना प्रसिद्धी थोडी मिळते; परंतु कारकीर्द मात्र पुष्कळदा दीर्घ लाभते. तारुण्य सरले की नायकाची लोकप्रियता ओसरू लागते. उलट वाढते वय हे सहायक नटाचे भांडवलच ठरते. जपानमध्ये ताकाशी शिमुरा यांनी अकिरा कुरोसावांच्या वीसहून अधिक चित्रपटांत कामे केली, ती बहुतांशी अशाच भूमिकांतून. महाराष्ट्रात ललिता पवार यांची कारकीर्द या दृष्टीने अभ्यासण्याजोगी आहे.

त्यांचा जन्म 1916 साली नाशिक जिल्ह्यातील येवल्याचा. मूळ नाव अंबा सगुण. मूकपटांच्या काळात, बालवयातच त्या या व्यवसायात आल्या आणि बोलपट सुरू झाल्यावर नायिका म्हणून स्थिरावल्या. 1942 च्या सुमारास एका चित्रीकरणात सहनटाची थप्पड अतिशय जोरात बसली. त्यातून त्यांच्या चेहऱ्याला पक्षाघात झाला. दीर्घ उपचारांनंतरही डाव्या डोळ्यातील दोष कायम राहिला. नायिकेच्या रूपावरच ज्या व्यवसायाची भिस्त, तेथे याचा अर्थ उघड होता. त्यांच्यापुढे दोनच मार्ग उरले : निवृत्ती अथवा चरित्रभूमिका. त्यांनी दुसरा स्वीकारला.

‘रामशास्त्री’ (1944) या प्रभातच्या चित्रपटात त्या आनंदीबाई झाल्या. पुढे ‘दहेज’ (1950) सारख्या चित्रपटांतून त्यांची खाष्ट सासू घरोघरी ओळखीची झाली. आकसलेला तो डोळा आता कावेबाजपणाची खूण बनला. मात्र या यशात एक धोकाही होता. जो साचा नटाला काम मिळवून देतो, तोच त्याला कोंडूनही ठेवतो.

हा साचा ललिताबाईंनी कसा वाकविला, हे ‘अनाडी’ (1959) मध्ये स्पष्ट दिसते. हृषीकेश मुखर्जी यांच्या या चित्रपटातील मिसेस डिसा ही घरमालकीण तोंडाने फटकळ, पण अंतःकरणाने वत्सल आहे. सासूच्या भूमिकांत वापरलेला तोच करडा स्वर आणि तीच तिरपी नजर येथे माया झाकण्याचे काम करतात. सदोष औषधाने तिचा मृत्यू होतो आणि त्याचा आळ नायकावर येतो; म्हणजे कथेचा उत्कर्षबिंदू या दुय्यम पात्रावरच उभा आहे. या भूमिकेसाठी त्यांना सहायक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. ‘श्री 420’ (1955) मधील केळीवाली, ‘प्रोफेसर’ (1962) मधील कडक शिस्तीची, तरीही प्रेमाला भुलणारी आत्या आणि ‘आनंद’ (1971) मधील रुग्णालयाची मेट्रन ही त्याच कौशल्याची निरनिराळी रूपे होत.

‘संपूर्ण रामायण’ (1961) या चित्रपटात त्यांनी मंथरा साकारली होती. पाव शतकानंतर, 1987 मध्ये दूरदर्शनवर सुरू झालेल्या ‘रामायण’ मालिकेत तीच भूमिका पुन्हा त्यांच्याकडे आली. त्यांच्या ऐन उमेदीतील चित्रपट न पाहिलेल्या पिढीने त्यांना ओळखले ते या मंथरेमुळे. 1998 साली पुण्यात त्यांचे निधन झाले.

मंथरा रामायणात थोडा वेळच येते. परंतु तिच्यावाचून वनवास घडत नाही. दुय्यम भूमिकेचे मोल तिच्या लांबीवरून का ठरवू नये, याचे उत्तर या एका उदाहरणात सापडते.