मागच्या ब्रेकचे पॅड बदलायला बसण्यापूर्वी

कोल्हापूर

चि. मुग्धा,

ताईने फोनवर सांगितलं ते सगळं कळलं. ब्रेक दाबला की मागच्या डाव्या चाकातून किंचाळल्यासारखा आवाज येतो, गॅरेजवाल्याने पॅड संपलेत म्हणून सांगितलं, आणि तुला ते सोसायटीच्या पार्किंगमध्ये स्वतःच्या हाताने बदलायचे आहेत. ताई घाबरली आहे. मला तुझी हौस आवडली, पण फोनवर नुसतं हो म्हणून सोडून द्यावं असं हे काम नाही, म्हणून बसून लिहितो आहे. काम करताना हे पत्र जवळ ठेव.

पैसे वाचतील म्हणून हे करू नकोस. पॅड बदलायची मजुरी काही फार नसते, आणि तुला जी हत्यारं घ्यावी लागतील त्यात ती जातेच. घरी करण्याचं कारण वेगळं आहे. उद्यमनगरात एवढी वर्षं काढल्यावर मला एक गोष्ट पक्की कळली आहे, की झिजलेला पार्ट बदलणं हे अर्धं काम, आणि तो का झिजला हे शोधणं हे उरलेलं अर्धं. गॅरेजमध्ये संध्याकाळपर्यंत गाड्या द्यायच्या असतात. जुने पॅड काढले, नवे घातले, चाक चढवलं की पुढची गाडी आत येते. जुना पॅड उलटसुलट करून बघायला तिथे क्वचितच कुणाला सवड असते. तुझ्याकडे अख्खा रविवार आहे. तो त्यासाठी वापरणार असशील तर जरूर कर.

ब्रेक म्हणजे शेवटी काय, तर गाडीच्या वेगाची उष्णता करणारं यंत्र. माणसांसकट दीड टनाची गाडी ताशी ८० किलोमीटरवरून थांबवली तर जी उष्णता तयार होते, तिच्यात जवळपास सव्वा लिटर पाणी उकळीला येईल. आता तुम्ही गोव्याला जाताना आंबोली उतरता तो घाट घे. उतार ढोबळमानाने ६०० मीटर धरला, तर नुसत्या ब्रेकवर खाली येणं म्हणजे ताशी ८० वरून ती गाडी सुमारे २४ वेळा थांबवण्यासारखं झालं, आणि तेही मधे गार व्हायला फारशी उसंत न देता. म्हणून ज्या गिअरमध्ये घाट चढता येतो त्याच गिअरमध्ये उतरायचा, हे जुने ड्रायव्हर सांगतात ते खरं. या सगळ्या उष्णतेच्या आणि तुमच्या जिवाच्या मधे असतो तो पॅडवरचा काही मिलिमीटरचा थर. नव्या पॅडवर तो साधारण १० ते ११ मिलिमीटर असतो. ३ वर आला की बदलायचा, आणि २ च्या खाली एक दिवसही गाडी चालवायची नाही.

ब्रेक दाबल्यावर गाडीचं वजन पुढे जातं, त्यामुळे थांबवण्याचं बहुतेक काम पुढची चाकं करतात. मागच्या पॅडना त्या मानाने भार कमी. असं असून मागचा एकच आवाज करतो म्हणजे तिथे काहीतरी अडकलेलं असण्याची शक्यता जास्त. तुझी लॉरा सेकंडहँड घेतलेली, आधीच्या मालकाकडे दोन पावसाळे उघड्यावर उभी होती असं तूच म्हणालीस. ते डोक्यात ठेवून काम सुरू कर.

जागा सपाट हवी. तुमच्या तळमजल्याच्या उताराजवळची जागा अजिबात नको. एरवी गाडी जॅकवर घेताना आपण हँडब्रेक ओढतो, पण मागच्या ब्रेकचं काम करताना तो सोडावाच लागतो, नाहीतर कॅलिपर निघणार नाही. म्हणजे नेहमीचा आधार गेला. तुझी गाडी पुढच्या चाकांवर चालते, त्यामुळे ती पहिल्या गिअरमध्ये टाकून ठेव आणि पुढच्या दोन्ही चाकांना पुढून-मागून लाकडी ठोकळे घट्ट लाव. चाकाचे बोल्ट गाडी जमिनीवर असतानाच सैल कर. वर उचलल्यावर जोर लावशील तर गाडी जॅकवरून घसरेल. डिकीत मिळणारा जॅक हा फक्त चाक बदलण्यापुरता. तो उचलायला वापर, पण गाडी टेकवायची ती लोखंडी स्टँडवर, तेही गाडीला नेमून दिलेल्या जागी. विटांचा ढीग रचून त्यावर गाडी टेकवणारे लोक मी पाहिले आहेत. वीट भाराखाली एकदम फुटते, सूचना देत नाही. काढलेलं चाकही दाराखालच्या पट्टीखाली आडवं सरकवून ठेव. आणि एका वेळी एकच बाजू उघड. दुसरी बाजू जशीच्या तशी राहिली की कुठली क्लिप कशी बसते ते तिच्याकडे बघून कळतं.

चाक निघालं की समोर काळी धूळ दिसेल. १९०२ साली इंग्लंडमध्ये फ्रेडरिक लँचेस्टरने डिस्क ब्रेकचं पेटंट घेतलं तेव्हा त्याने डिस्कवर तांबं घासवलं होतं; ते भयंकर किंचाळायचं आणि लवकर झिजायचं. पुढे त्यावर उपाय म्हणून ॲस्बेस्टॉसचे थर आले आणि आवाज गेला, पण त्याची धूळ छातीत बसते हे पुष्कळ उशिरा कळलं. आता चांगल्या कंपन्यांचे पॅड ॲस्बेस्टॉसविना येतात, पण आधीच्या मालकाने काय घातलंय कुणास ठाऊक. तेव्हा हवा मारून किंवा फुंकून ती धूळ उडवू नकोस. मास्क लाव, ब्रेक क्लीनर मारून ओली कर आणि फडक्याने टिपून घे.

कॅलिपरला मागून दोन बोल्ट असतात. तुझ्या गाडीला १३ चा पाना लागेल, आणि बोल्टबरोबर आतली पिन फिरू नये म्हणून १५ चा पातळ पाना तिला धरावा लागेल. कॅलिपर सुटला की तो ब्रेकच्या रबरी पाइपवर लोंबकळू द्यायचा नाही. पाइप बाहेरून धड दिसतो पण आतून चिरतो. तारेचा तुकडा घे आणि कॅलिपर स्प्रिंगला बांधून ठेव.

आता जुने पॅड हातात घे आणि जरा बस. इथे घाई करू नकोस. आतला कुठला, बाहेरचा कुठला ते त्यांच्या पाठीवर खडूने लिही, आणि उजेडात दोन्ही शेजारी धर. तुझ्या कॅलिपरला पिस्टन एकच, तो आतल्या बाजूला. तो आतल्या पॅडला डिस्कवर दाबतो, आणि त्याच्या उलट्या रेट्याने अख्खा कॅलिपर दोन पिनांवर सरकून बाहेरचा पॅड दाबतो. दोन्ही जवळपास सारखे झिजलेले असले तर सगळं ठीक. आतला पातळ आणि बाहेरचा जाड असेल, तर कॅलिपर पिनांवर सरकत नाही, सगळं काम एकटा आतला पॅड करतोय. पॅड एका टोकाला जाड आणि दुसऱ्या टोकाला पातळ, पाचरीसारखा झिजला असेल, तर बहुधा दोनपैकी एकच पिन अडकली आहे. डाव्या चाकाचे दोन्ही पॅड उजव्यापेक्षा फारच पातळ असतील, तर पिस्टन किंवा हँडब्रेकची केबल त्या बाजूला पुरती सुटत नाही. आणि पॅडचा पृष्ठभाग काचेसारखा चकचकीत दिसला, तर तो प्रमाणाबाहेर तापलेला आहे. या चारांपैकी काय सापडतं ते बघूनच पुढे जा. तसेच नवे पॅड घालशील तर वर्षभरात पुन्हा तोच आवाज ऐकशील.

माझा अंदाज पिनांवर आहे. पावसात उभ्या राहिलेल्या गाडीत पिनेवरच्या रबरी बुटाला बारीक चीर जाते, पाणी आत शिरतं, ग्रीस घट्ट होतं आणि पिन गंजते. दोन्ही पिना ओढून काढ. वाळलेलं, तपकिरी झालेलं ग्रीस फडक्याने आणि क्लीनरने पूर्ण पूस. पिन नखाने चाचपून बघ. खड्डे लागले तर नवीच घे, ती महाग नसते. पॉलिश पेपरने घासून ती वाचवायचा प्रयत्न करू नकोस, वरचा मुलामा निघाला की गंज आणखी लवकर धरतो. चिरलेला बूटही बदल. नवं ग्रीस लावायचं ते ब्रेकच्या पिनांसाठी मिळणारं सिलिकॉनचं. बेअरिंगचं ग्रीस चालत नाही, त्याने रबर फुगतं. थर पातळ ठेव, बुटात ठासून भरू नकोस. पिन परत घातल्यावर नुसत्या बोटाच्या दाबाने आत-बाहेर सरकली पाहिजे. हे एवढं नीट झालं तर माझ्या मते तुझं काम झालं.

पॅड ज्या खाचांत बसतात तिथला गंज तारेच्या ब्रशने काढ, म्हणजे नवे पॅड हाताने सरकून बसतील. हातोडी मारून बसवावे लागत असतील तर ते सुटणारही नाहीत. डिस्कही बघ. हलक्या रेघा चालतात. पण काठाला उंच कड आली असेल, निळे डाग पडले असतील किंवा बारीक तडे दिसत असतील तर बदलावी लागेल. डिस्कची किमान जाडी तिच्यावरच कोरलेली असते. व्हर्नियरने कड सोडून आतल्या भागात मोज. त्याच्या खाली गेली असेल तर लेथवर घासून घ्यायचा सल्ला कुणीही दिला तरी ऐकू नकोस, मग तो आमच्या उद्यमनगरातला असो.

आता पिस्टन. पुढच्या ब्रेकला तो शिकंज्याने नुसता दाबला की मागे जातो. तुझ्या मागच्या कॅलिपरमध्ये हँडब्रेकची यंत्रणा पिस्टनच्या आतच आहे, त्यामुळे तो दाबत दाबत फिरवावा लागतो, घड्याळाच्या काट्याच्या दिशेने. नुसता दाबलास तर आतला स्क्रू मोडेल आणि कॅलिपरच बदलावा लागेल. त्यासाठीचं हत्यार मिळतं. सावकाश फिरव आणि पिस्टनभोवतीचा रबर पिळला जात नाही ना ते बघत राहा. आणि तुझ्या मैत्रिणीच्या नव्या गाडीवर हाच प्रयोग करू नकोस. तिच्या गाडीला बटणाचा हँडब्रेक आहे, तो स्कॅनर लावून आधी मागे घ्यावा लागतो.

पिस्टन आत जाताना ब्रेक ऑइल बॉनेटखालच्या डबीत परत चढतं. पॅड झिजले की तिथली पातळी खाली येते, आणि कुणीतरी मधे टॉपअप केलेलं असेल तर आता ते वर उतू जाईल. डबीवर लक्ष ठेव, जास्त वाटलं तर सिरिंजने काढून घे. हे ऑइल रंग खातं. थेंब पडला तर लगेच पाणी ओत. तसंच ते हवेतली ओल शोषून घेतं. नवं डॉट ४ कमीत कमी २३० अंशांपर्यंत उकळत नाही, पण ओल मुरली की हाच आकडा १५५ पर्यंत उतरू शकतो, आणि मग घाटात पाय खाली जातो पण गाडी थांबत नाही. दोन वर्षांत बदललं नसेल तर ते काम मात्र गॅरेजमध्ये करून घे.

नवे पॅड दोन्ही बाजूंना घालायचेच, एका चाकाला कधीच नाही. बिल देणाऱ्या दुकानातून घे आणि पाकिटावर आर ९० ची खूण असली तर उत्तम. पाठीला चिकट थर असेल तर वरची फिल्म काढायला विसरू नकोस. घासणाऱ्या बाजूला ग्रीसचं बोटही लागता कामा नये. लागलं तर तो पॅड गेला. कॅलिपरचे बोल्ट नवे वापर, ३५ न्यूटन-मीटरला आवळ. चाकाचे बोल्ट आडव्या-तिडव्या क्रमाने, १२० ला. टॉर्क पाना आण, अंदाजाने करू नकोस. शंभरेक किलोमीटर गेल्यावर चाकाचे बोल्ट परत तपास.

दोन्ही बाजू झाल्या, गाडी खाली घेतली, तरी इंजिन सुरू करून लगेच निघायचं नाही. पहिल्यांदा पाय ठेवशील तेव्हा पेडल सरळ खाली जाईल, कारण पिस्टन अजून पॅडपर्यंत आलेले नसतात. पेडल कडक होईपर्यंत हळूहळू मारत राहा. मग हँडब्रेक काही वेळा ओढून सोड, आणि सोडल्यावर कॅलिपरवरचे दोन्ही दांडे पूर्ण मागे येतात का ते बघ. डबीतली पातळी पाहा. त्यानंतर पार्किंगमध्येच चालण्याच्या वेगाने गाडी पुढे-मागे घेऊन ब्रेक लाव. पेडल मऊ वाटलं, किंवा कुठे ओलं दिसलं, तर गाडी तिथेच उभी ठेव आणि मेकॅनिकला घरी बोलाव. चालवत गॅरेजला नेऊ नकोस.

सगळं ठीक असेल तर पहाटे मोकळ्या रस्त्यावर ताशी ५० वरून १० पर्यंत बेताने ब्रेक लावत आठ-दहा वेळा वेग कमी कर, मधे गार होऊ दे. गरम असताना ब्रेक दाबून उभी राहू नकोस. पहिले दोन-तीनशे किलोमीटर करकचून ब्रेक टाळ. पावसाळ्यात गाडी काही दिवस उभी राहणार असेल तर हँडब्रेक ओढून ठेवू नकोस. गिअरमध्ये टाक आणि ठोकळा लाव, म्हणजे पॅड डिस्कला चिकटणार नाहीत.

पिस्टन फिरवायचं हत्यार आणि माझा टॉर्क पाना शुक्रवारी येणाऱ्या तुझ्या मावसभावाबरोबर पाठवतो. स्टँड मात्र तिकडेच घे, चांगले जड बघून. रविवारी प्रत्येक बाजूचे जुने पॅड निघाले की तिथे नवे घालण्याआधी त्यांचे फोटो पाठव, आतला-बाहेरचा लिहून. मी फोन जवळ ठेवून बसतो. ताईला म्हणावं, मुलीला शेजारी बसून टॉर्च धर.

तुझा,
अण्णामामा