ब्रॅड गिल्बर्ट : खेळाडू आणि प्रशिक्षक

गेल्या पावसाळ्यात महाविद्यालयाच्या टेबल टेनिस संघातून माझे नाव गळले आणि त्याच आठवड्यात सरांनी प्रथम वर्षाच्या मुलींचा सराव माझ्याकडे सोपविला. नाव गळले ते योग्यच होते. माझ्याहून चांगल्या खेळणाऱ्या दोघीजणी होत्या. पण शिकविण्याचे ते काम मला उत्तेजनार्थ बक्षिसासारखे वाटले, हे मी कबूल करते. जिला स्वतःला संघात जागा टिकविता आली नाही, तिने इतरांना काय म्हणून शिकवावे? हा प्रश्न मनात घोळत असतानाच ग्रंथालयात आंद्रे अगासीचे 'ओपन' हे आत्मचरित्र हाती आले आणि त्यात ब्रॅड गिल्बर्ट भेटला. पुढे त्याच्याविषयी मिळेल ते वाचत गेले. प्रस्तुत लेख हा त्या वाचनाचा परिपाक आहे.

गिल्बर्टचा जन्म १९६१ साली अमेरिकेत, कॅलिफोर्नियातील ओकलंड येथे झाला. १९८२ मध्ये तो व्यावसायिक टेनिसमध्ये उतरला. वीस एकेरी विजेतेपदे, १९८८ च्या सोल ऑलिंपिकमध्ये कांस्यपदक आणि जानेवारी १९९० मध्ये जागतिक क्रमवारीत चौथा क्रमांक, ही त्याची मिळकत. ही मिळकत लहान मुळीच नाही. परंतु चार प्रमुख स्पर्धांपैकी एकीतही तो उपान्त्यपूर्व फेरीच्या पुढे गेला नाही. इव्हान लेंडलशी तो सोळा वेळा खेळला आणि सोळाही वेळा हरला.

मौज अशी की, त्याच्याजवळ भेदक म्हणावा असा एकही फटका नव्हता. सर्व्हिस बेताची, दुसरी सर्व्हिस तर अगदीच मवाळ. तो चेंडू परतवीत राही. वेग नाही, डौल नाही. पण समोरच्याला जे आवडत नाही तेच त्याला पुनःपुन्हा द्यायचे, असा त्याचा खाक्या होता. वेगावर पोसलेल्या खेळाडूला तो वेगच देत नसे. जानेवारी १९८६ मध्ये न्यूयॉर्कच्या मास्टर्स स्पर्धेत त्याने जॉन मॅकेन्रोला पहिल्याच फेरीत हरविले. त्यानंतर मॅकेन्रो सुमारे सहा महिने स्पर्धांपासून दूर राहिला. १९८७ च्या अमेरिकन खुल्या स्पर्धेत त्याने बोरिस बेकरकडून पहिले दोन सेट गमावले आणि पुढचे तीन घेतले. दोनदा विंबल्डन जिंकलेल्या बेकरचा त्या दिवशी संयम सुटला.

हे त्याने कसे साधले, ते १९९३ साली स्टीव्ह जेमिसन यांच्यासह लिहिलेल्या 'विनिंग अग्ली' या पुस्तकात त्याने उघड करून सांगितले आहे. पुस्तकाचे नावच मला आवडले. कुरूप का होईना, जिंकणे! गिल्बर्ट प्रतिस्पर्ध्यांविषयी टिपणे ठेवीत असे. कोणाचा कोणता फटका दडपणाखाली मोडतो, कोणाला कोणत्या उंचीवरचा चेंडू नकोसा होतो, हे तो आधीच ठरवून मैदानात येई. त्याच्या मते सामना पहिल्या सर्व्हिसने सुरू होत नाही. तो मैदानाकडे जातानाच, डोक्यात सुरू झालेला असतो. खेळ चालू असताना या क्षणी कोण कोणाला कशामुळे जेरीस आणीत आहे, हे खेळाडूने सतत स्वतःला विचारले पाहिजे, असा त्याचा आग्रह आहे. आपण बहुतेक वेळा गुणफलक पाहतो. पण तो फक्त परिणाम सांगतो, कारण सांगत नाही.

आणखी एक बारीक गोष्ट. गेम जिंकून देणाऱ्या गुणाइतकाच त्याच्या आधीचा गुण मोलाचा असतो, असे तो म्हणतो. ३०-३० वर असताना जो गुण घेतो, तो पुढच्या गुणाला मोकळेपणाने सामोरा जातो, दुसरा धास्तावून. सामान्य खेळाडू मात्र तो गुण इतर गुणांसारखाच खेळून टाकतो. (टेबल टेनिसमध्ये ८-८ ची हीच गत आहे, हे मला पाच वर्षे खेळूनही कळले नव्हते.)

मार्च १९९४ मध्ये अगासीने त्याला प्रशिक्षक नेमले. अगासी १९९२ चा विंबल्डन विजेता. पण मनगटाच्या शस्त्रक्रियेनंतर मागे पडलेला. गिल्बर्टने त्याला जे सांगितले त्याचा मथितार्थ असा : तू प्रत्येक फटका निर्दोष मारू पाहतोस, त्याची गरज नाही, चुका समोरच्याला करू दे. त्याच वर्षी मानांकन नसताना अगासीने अमेरिकन स्पर्धा जिंकली. १९६६ मध्ये फ्रेड स्टोल जिंकला होता, त्यानंतर असे प्रथमच घडत होते. पुढच्या एप्रिलमध्ये अगासी जगात पहिला झाला.

परंतु मला त्याहून महत्त्वाचे वाटते ते १९९७. त्या नोव्हेंबरात अगासी १४१ व्या क्रमांकापर्यंत घसरला. गिल्बर्टने खेळ सोड किंवा मुळापासून आरंभ कर, असे दोनच पर्याय त्याच्यापुढे ठेवले, आणि एकेकाळचा अव्वल खेळाडू दुय्यम दर्जाच्या चॅलेंजर स्पर्धांत खेळू लागला. १९९९ च्या फ्रेंच अंतिम सामन्यात तो आंद्रेई मेदवेदेवविरुद्ध पहिले दोन सेट हरला होता. पावसामुळे खेळ थांबला तेव्हा गिल्बर्टने त्याला खोलीत चांगलेच खडसावले. अगासी तो सामना जिंकला आणि चारही प्रमुख स्पर्धा जिंकणारा पाचवा पुरुष ठरला. जानेवारी २००२ मध्ये दोघे वेगळे झाले, तोवर अगासीच्या आठपैकी सहा प्रमुख विजेतेपदांच्या वेळी गिल्बर्ट सोबत होता.

येथे कोणी म्हणेल की, अगासीसारखा शिष्य मिळाल्यावर कोणीही गुरू यशस्वी होईल. आक्षेप बिनबुडाचा नाही. जून २००३ मध्ये अँडी रॉडिक त्याच्याकडे आला आणि त्याच वर्षी अमेरिकन स्पर्धा जिंकून अव्वल झाला. पण रॉडिकची तोफेसारखी सर्व्हिस काही गिल्बर्टने दिलेली नव्हती. उलट अँडी मरेशी त्याचे सूत जमले नाही. २००६ मध्ये सुरू झालेला संबंध नोव्हेंबर २००७ मध्ये संपला. गिल्बर्ट बोलतो फार, आणि सगळ्यांनाच ते मानवत नाही. तेव्हा एकच औषध सर्वांना लागू पडते, असे मी म्हणणार नाही. पण अगासीजवळ फटके आधीही होते, विजेतेपद मात्र एकच होते, हेही विसरता येत नाही.

एका नियमाचाही येथे विचार केला पाहिजे. त्या काळी या स्पर्धांत सामना चालू असताना प्रशिक्षकाला बोलण्याची मुभा नव्हती. जे सांगायचे ते आदल्या दिवशी सांगून, मग गप्प बसायचे. गिल्बर्टसारख्या बोलक्या माणसाला ही शिक्षाच असणार! पुढे हे बंधन सैल झाले. २०२३ मध्ये पेरे रिबा यांच्यासह तो एकोणीस वर्षांच्या कोको गॉफला मार्गदर्शन करीत होता, तेव्हा प्रेक्षागृहातून सूचना देता येत होत्या. एका सामन्यात गॉफने त्यालाच बोलणे थांबवायला सांगितले. ती स्पर्धा तिने जिंकली, अंतिम सामन्यात आर्यना सबालेंकाकडून पहिला सेट गमावल्यावर. सप्टेंबर २०२४ मध्ये ही जोडीही फुटली.

मला वाटते, गिल्बर्टला शिकविता आले ते त्याच्याजवळ मोठा फटका नव्हता म्हणूनच. ज्याला सहज येते त्याला ते कसे येते हे सांगता येत नाही. ज्याला प्रत्येक गुण हिशेबाने मिळवावा लागला, त्याच्याजवळ हिशेब शिल्लक राहतो. अर्थात सोळा पराभवांनंतरही वही उघडायची, याला वेगळीच छाती लागते.

मीही दोनशे पानी वही घातली आहे. आमच्या चार मुलींना हरविणाऱ्या एका खेळाडूचे तीत दीड पान भरले आहे : चेंडू आखूड पडला की फोरहँडला पाय उशिरा हलतो, ८-८ नंतर सर्व्हिस घाईने करते, बॅकहँडला वेग देऊ नये. आमची सर्वांत लहान मुलगी, जिला अजून स्मॅश धड येत नाही, ती सध्या रोज अर्धा तास फक्त आखूड चेंडू टाकण्याचा सराव करते आहे. त्या दोघींची गाठ डिसेंबरात पडायची आहे.