शकुंतलेची लहान स्थानके

रेल्वेचे स्थानक म्हटले, म्हणजे माणसांची गर्दी व हमालांची लगबग मनापुढे उभी राहते. परंतु काही स्थानकांवर उतारू क्वचितच दिसतात. असे का व्हावे? यवतमाळ–मूर्तिजापूर या अरुंद मार्गाची हकीकत यावर चांगला प्रकाश टाकते.

विसाव्या शतकाच्या आरंभी किलिक निक्सन या इंग्रज कंपनीने हा मार्ग उभारला. वऱ्हाडातील कापूस मूर्तिजापुरास मोठ्या रेल्वेमार्गावर पोचवावा, तेथून तो मुंबईस व पुढे मँचेस्टरच्या गिरण्यांस जावा, हा त्यामागील हेतू होता. मार्ग आखला गेला तो कापसासाठी. माणसांची सोय हा दुय्यम विचार होता. मँचेस्टर येथेच १९२१ साली घडविलेले वाफेचे इंजिन १९९४ च्या एप्रिलपर्यंत ही गाडी ओढीत होते. लोक या गाडीला प्रेमाने ‘शकुंतला’ म्हणत.

१९४८ साली एस. टी. सुरू झाली आणि हळूहळू ती खेड्याच्या पारापर्यंत जाऊ लागली. कापूसही मालमोटारींतून जाऊ लागला. शकुंतलेची मात्र दिवसातून एकच फेरी. वेग ताशी सुमारे २० किलोमीटर. ११३ किलोमीटरच्या प्रवासात अर्धा दिवस सरे. स्वातंत्र्यानंतरही मार्ग कंपनीच्याच मालकीचा राहिला. गाडी मात्र मध्य रेल्वे चालवी. या दुहेरी कारभारात रुळांची डागडुजी मागे पडली. रूळ जीर्ण, म्हणून वेग कमी. वेग कमी, म्हणून उतारू थोडे. आणि उतारू थोडे, म्हणून खर्च करावयास कोणी धजेना. असे हे दुष्टचक्र होते.

तरीही लाडखेड, दारव्हा, कारंजा या स्थानकांवर काही माणसे गाडीची वाट पाहत. बसच्या मानाने तिचे भाडे फारच अल्प असे. ज्याच्या गाठीस वेळ होता, पण पैसा नव्हता, त्या मजुरास तीच सोयीची होती. पुढे गाडी बंद पडली, तेव्हा सर्वांत मोठी झळ त्यालाच लागली.

२०२४ च्या फेब्रुवारीत वर्धा–कळंब हा रुंद मार्ग सुरू झाला. तो पुढे यवतमाळमार्गे नांदेडास जावयाचा आहे. त्यावरील स्थानके गजबजतील की ओस राहतील, हे केवळ रुळांवर अवलंबून नाही. गाडी लोकांच्या कामाच्या वेळेस येते काय, स्थानकापासून गावात जाण्यास वाहन मिळते काय आणि भाडे गरिबास परवडते काय, यांवर ते ठरेल. उतारू थोडे, म्हणून गरजही थोडी, असा निष्कर्ष काढणे उचित नव्हे. जे उतारू उरले, त्यांची गरज कोणती, हेही पाहिले पाहिजे.