शंकर बाळकृष्ण दीक्षित : एका शिक्षकाचा ज्योतिषव्यासंग आणि त्याचे मराठी

लखनौ येथून उत्तर प्रदेश शासनाच्या सूचना विभागाने १९५७ मध्ये ‘भारतीय ज्योतिष’ या नावाचा एक विस्तृत हिंदी ग्रंथ प्रसिद्ध केला. अनुवाद शिवनाथ झारखंडी यांचा. मूळ ग्रंथ मराठीत, १८९६ साली पुण्यात छापलेला. म्हणजे हिंदी वाचकाच्या हाती तो साठ वर्षांनी पडला. त्याचे कर्ते शंकर बाळकृष्ण दीक्षित (१८५३-१८९८) हे कोणत्याही वेधशाळेत अधिकारी नव्हते, की काशीच्या एखाद्या पाठशाळेत ज्योतिषाचे अध्यापकही नव्हते. मुंबई इलाख्यातील सरकारी शाळांत शिकविणे हा त्यांचा चरितार्थ. ज्योतिष हा त्यांचा हौसेचा विषय होता, आणि हौस हा शब्द येथे पूर्ण आदराने घ्यावयाचा आहे.

या प्रकाशनाचे स्थळ लखनौ असावे, यात एक विलक्षण योग आहे. याच नगरात अवधचे नबाब नसीरुद्दीन हैदर यांच्या आश्रयाने एक सुसज्ज वेधशाळा उभी राहिली होती. तिची इमारत ‘तारेवाली कोठी’ म्हणून प्रसिद्ध आहे. रिचर्ड विल्कॉक्स यांनी १८३५ पासून तेथे उत्तम यंत्रांनी वेध घेतले; १८४८ मध्ये ते वारले आणि पुढच्याच वर्षी वाजिद अली शाह यांनी ती वेधशाळा बंद केली. वेधांची टिपणे प्रसिद्ध न होताच नष्ट झाली. राजाश्रय, यंत्रे आणि तज्ज्ञ यांपैकी काहीच न लाभलेल्या दीक्षितांचे काम मात्र छापले गेले, म्हणून टिकले.

दीक्षितांचा जन्म दापोली तालुक्यातील मुरूड या गावचा. शिक्षण मराठी शाळेत, नंतर पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजात. पुढे रेवदंडा, ठाणे, बार्शी, धुळे अशा ठिकाणी बदल्या होत गेल्या आणि अखेरीस पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजातच ते शिक्षक म्हणून आले. विश्वविद्यालयीन गणिताचे अध्ययन त्यांना घडले नाही. या बदल्या व्यासंगाला बाधक झाल्या असतील असे सहज वाटते; पण ग्रंथ वाचताना उलटाच प्रत्यय येतो. कोणत्या प्रांतात कोणत्या पक्षाचे पंचांग चालते, कोणता करणग्रंथ जोशांच्या घरी वापरात आहे, याची त्यांनी दिलेली माहिती केवळ ग्रंथालयात बसून मिळण्यासारखी नाही. नांदगावच्या गणेश दैवज्ञाने शके १४४२ मध्ये रचलेला ‘ग्रहलाघव’ हा ज्या किनारपट्टीवर जन्मला, तेथेच दीक्षितांची काही वर्षे गेली. ज्याचापांचा उपयोग न करता ग्रहसाधन करणाऱ्या या ग्रंथाचे मोल त्यांनी जाणले, याचे कारण तो कोणत्या हातांत वापरला जातो हे त्यांनी पाहिले होते.

त्या काळी ज्योतिषाचा प्रश्न घराघरांतला होता. जुन्या ग्रंथांवरून केलेले गणित आकाशाशी जुळेनासे झाले होते. केरो लक्ष्मण छत्रे यांनी ‘ग्रहसाधनाची कोष्टके’ (१८६०) लिहून आणि पुढे पटवर्धनी पंचांगाला गणित पुरवून सुधारणेला प्रारंभ केला. विसाजी रघुनाथ लेले यांचा आग्रह त्याही पुढे, सायन गणनेचा, होता. अयनचलनामुळे संपातबिंदू सुमारे ७२ वर्षांत एक अंश मागे सरतो. निरयन मानाने मकरसंक्रांत आज १४ जानेवारीच्या सुमारास येते, तर सूर्याचे उत्तरेकडे वळणे २२ डिसेंबरच्या सुमारासच घडून गेलेले असते. दीक्षित सायनपक्षाचे होते. व्रते आणि सण ऋतूंशी बांधलेले असतील, तर ते ऋतूंबरोबरच राहिले पाहिजेत, ही त्या पक्षाची भूमिका. आपल्या पंचांगाला हे विपरीत रूप का आले, हे समजून घेण्यासाठी इतिहासाकडे वळणे ओघानेच आले. दक्षिणा प्राइझ कमिटीचे पारितोषिक हे लेखनाचे बाह्य निमित्त. खरी निकड पंचांगवादाची होती.

त्यांच्या पद्धतीचे वैशिष्ट्य दोन उदाहरणांतून स्पष्ट होते. गुप्त संवताचा आरंभ केव्हा, हा एकोणिसाव्या शतकातील मोठा वाद. शककालानंतर २४१ वर्षांनी तो सुरू झाला, असे अल्बेरुणीने नोंदविले होते; परंतु अनेक विद्वानांना ते मान्य नव्हते. जे. एफ. फ्लीट यांच्या गुप्त शिलालेखांच्या संग्रहासाठी (१८८८) दीक्षितांनी गणित केले. एरण येथील बुधगुप्ताच्या स्तंभलेखात वर्ष १६५, आषाढ शुक्ल द्वादशी, गुरुवार असा निर्देश आहे. १६५ मध्ये २४१ मिळविले की गत शक ४०६ येतो, आणि त्या वर्षीची ती तिथी इसवी सन ४८४ च्या २१ जून रोजी गुरुवारीच पडते. वार योगायोगाने जुळण्याचा संभव सातात एक असतो, म्हणून एका लेखाने निर्णय होत नाही. अनेक लेखांतील तिथिवार असे तपासावे लागतात. मंदसोरच्या लेखाचा पुरावा आणि ही गणिते एकत्र आल्यावर वादाचा निकाल लागला.

दुसरे उदाहरण सूर्यसिद्धान्ताचे. वराहमिहिराच्या ‘पंचसिद्धान्तिके’त सांगितलेला सूर्यसिद्धान्त आणि आज प्रचलित असलेला सूर्यसिद्धान्त हे भिन्न आहेत, हे दीक्षितांनी ‘इंडियन अँटिक्वेरी’तील लेखात (१८९०) दाखविले. पहिल्याचे वर्षमान ३६५ दिवस १५ घटी ३१ पळे ३० विपळे. दुसऱ्याचे ३१ विपळे आणि वर आणखी थोडे. हा फरक आजच्या मानाने अर्ध्या सेकंदाहून किंचित अधिक. ‘पंचसिद्धान्तिका’ जॉर्ज थिबो आणि सुधाकर द्विवेदी यांनी काशीहून १८८९ मध्ये छापली होती. इतक्या सूक्ष्म अंतरावरून दोन ग्रंथ निराळे करणे ही पाठचिकित्साच म्हणावी लागेल, आणि तिचे साधन अंक हे आहे. हस्तलिखितांच्या पाठांतरांचा विचार करणाऱ्या साहित्याभ्यासकाने या प्रकरणाची दखल घ्यावयास हवी.

सर्वाधिक चर्चा झाली ती कृत्तिकांची. कृत्तिका पूर्व दिशेपासून ढळत नाहीत, अशा अर्थाचे वचन शतपथ ब्राह्मणात येते. दीक्षितांचा युक्तिवाद सरळ आहे : जे नक्षत्र विषुववृत्तावर असते तेच नेमके पूर्वेस उगवते, कृत्तिका विषुववृत्तावर होत्या तो काळ इसवी सनापूर्वी सुमारे ३००० वर्षांचा, वचनातील क्रियापद वर्तमानकाळी आहे, तेव्हा ते वचन त्या काळचे. गणित बिनचूक आहे. अडचण गणिताच्या अलीकडे आहे. ब्राह्मणग्रंथांची भाषा पाहून अभ्यासक शतपथाला पुष्कळ अलीकडचा मानतात, सामान्यतः इसवी सनापूर्वीच्या पहिल्या सहस्रकातला. अग्न्याधानाच्या विधीत आलेले दिशेचे विधान वेधनोंद म्हणून वाचावे का, आणि जुनी परंपरा वर्तमानकाळी क्रियापदात तशीच पुढे आली नसेल का, हे प्रश्न दीक्षितांच्या उत्तराने मिटत नाहीत. लोकमान्य टिळकांच्या ‘ओरायन’ने (१८९३) हाच मार्ग अवलंबिला होता, त्यामुळे या तारखांभोवती अभिमानाचे वलय लवकर जमले. ग्रीक ज्योतिषाच्या ऋणाविषयीची दीक्षितांची मतेही आज जशीच्या तशी स्वीकारली जात नाहीत. तथापि आपला आधार कोणता, त्यावरून अनुमान कोणते, हे ते वाचकासमोर वेगवेगळे मांडतात. म्हणूनच त्यांचे खंडनही त्यांच्याच ग्रंथाच्या आधारे करता येते.

हे सर्व त्यांनी मराठीत लिहिले, ही गोष्ट सामान्य नव्हे. इंग्रजीत लिहिण्याची वाट त्यांना मोकळी होती. मद्रास इलाख्यातील अधिकारी रॉबर्ट स्यूएल यांच्यासह सिद्ध केलेला ‘द इंडियन कॅलेंडर’ हा ग्रंथ त्याच १८९६ मध्ये लंडनला निघाला आणि इसवी सन ३०० ते १९०० पर्यंतच्या कालगणनेसाठी पुराभिलेखाच्या अभ्यासकांनी तो हाताशी ठेवला. पण मुख्य ग्रंथाचा वाचक त्यांच्या दृष्टीने पंचांग वापरणारा मराठी गृहस्थ होता. त्याच्यासाठीच ‘ज्योतिर्विलास’ हे लहान पुस्तक त्यांनी लिहिले. ‘रात्रीची दोन घटका मौज’ हे त्याचे दुसरे नाव. दोन घटका म्हणजे ४८ मिनिटे. अंगणात उभे राहून आकाश पाहायला तेवढी पुरतात. मोठ्या ग्रंथातील गद्य या बोलकेपणापासून फार दूर गेलेले नाही. संस्कृत परिभाषा ते सोडीत नाहीत, पण वाक्य लहान ठेवतात आणि उदाहरण घेऊन ते शेवटपर्यंत सोडवून दाखवितात. शाळेतील फळ्याची सवय येथे शैली झाली आहे. निबंधमालेच्या वक्तृत्वपूर्ण गद्याचा गौरव आपल्या वाङ्मयेतिहासांत पुष्कळ झाला. या दुसऱ्या, हिशेबी आणि संयत गद्याची नोंद मात्र त्रोटक राहिली.

भाषेच्या या निवडीची किंमतही मोजावी लागली. मराठी न जाणणाऱ्या विद्वानांना दीक्षित दीर्घकाळ त्यांच्या इंग्रजी लेखांपुरतेच ठाऊक होते. दीक्षित चव्वेचाळिसाव्या वर्षी वारले. ग्रंथ प्रसिद्ध होऊन तेव्हा दोनच वर्षे झाली होती, आणि परभाषेत तो नेण्याचे काम इतरांवर राहिले. लखनौच्या त्याच विभागाने १९५६ मध्ये गोरखप्रसाद यांचा ‘भारतीय ज्योतिष का इतिहास’ काढला होता. पाठोपाठ दीक्षितांचा अनुवाद आला. गोरखप्रसाद हे मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखालील पंचांग सुधारणा समितीचे सभासद. समितीने सुचविलेले राष्ट्रीय पंचांग २२ मार्च १९५७ रोजी अमलात आले. त्याचे महिने सायन मानाचे आहेत, आणि सणांची गणना मात्र निरयनच राहिली. याच समितीचे दुसरे सभासद, उज्जैनचे रा. वि. वैद्य यांनी दीक्षितांच्या ग्रंथाचे इंग्रजी भाषांतर केले. भारत सरकारने त्याचा पहिला भाग १९६९ मध्ये आणि दुसरा १९८१ मध्ये प्रकाशित केला. हिंदी अनुवादाच्या मुखपृष्ठावर ‘ज्योतिष’ हा शब्द एकटाच उभा आहे. आज तो वाचून कुंडलीची अपेक्षा ठेवणाऱ्या वाचकाला आत जातकस्कंधाचा इतिहासही मिळतो. फक्त त्याआधी वेदकाल, वेदांगकाल आणि सिद्धान्तांचे गणित यांची शेकडो पाने ओलांडावी लागतात.